छोटी गाडी खाली घासते? आधी टेप घ्या, मग गॅरेज गाठा

तो काळजात चर्र करणारा आवाज ऐकायला कोल्हापुरातल्या नव्या गाडीवाल्याला फार दिवस लागत नाहीत. घरची पाच माणसं, डिकीत नारळ-गुलालाच्या पिशव्या, गाडी ज्योतिबाच्या वाटेवर, आणि एखाद्या वस्तीपुढे लोकांनीच घातलेल्या गतिरोधकावर पोटाखालून खर्रर्र. दुसऱ्या दिवशी माणूस उद्यमनगरात गॅरेजपुढे उभा असतो: "गाडी वर उचलून द्या."

मीही असाच उभा होतो, सेकंडहँड वॅगनआर घेऊन. मिस्त्रींनी गाडी रॅम्पवर घेतली, खालून बॅटरी मारली आणि म्हणाले, "स्प्रिंगचं नंतर बघूया. हे बघा, सायलेन्सरचं रबर तुटलंय न्हवं." सायलेन्सरचा पाइप गाडीच्या तळाला टांगून धरणारं ते काळं रबर, मुठीत मावेल एवढं. एका कानाशी फाटलेलं, आणि त्यामुळे मधला पाइप दोन बोटं खाली लोंबत होता. रबर बदललं, आणि त्याच गतिरोधकावरून त्याच माणसांना घेऊन गाडी न घासता गेली. स्प्रिंगला हात लावावाच लागला नाही.

म्हणून नवीन उंची विकत घेण्याआधी गाडीची हरवलेली उंची शोधा. बहुतेकांचं काम तिथेच होतं. ज्यांचं होत नाही त्यांच्यासाठी पुढच्या पायऱ्याही सांगतो.

कागदावरचा आकडा आणि रस्त्यावरचा

ग्राउंड क्लिअरन्स म्हणजे सपाट जमिनीपासून गाडीच्या तळाच्या सगळ्यात खालच्या भागापर्यंतची उंची. ब्रोशरमध्ये स्विफ्टला 163 मिमी, वॅगनआरला 165, टियागोला 170, एस-प्रेसोला 180 आणि क्विडला 184 असे आकडे दिसतात. हे आकडे साधारणपणे रिकाम्या गाडीचे असतात. तुम्ही, वहिनी, दोन मुलं, आई आणि आजऱ्याहून आणलेलं घनसाळ तांदळाचं पोतं आत आलं की तो आकडा उरत नाही. माझ्या गाडीत पुढे दोघं, मागे तिघं आणि डिकीत 50 किलोचं पोतं ठेवून मी मोजलं, तर मागची बाजू 45 मिमी खाली बसली होती. 165 मधून एवढं गेल्यावर डिकीखाली किती उरतं, ते तुम्हीच बघा.

सीएनजी बसवलेल्यांनी तर हे आधी लक्षात घ्यावं. 60 लिटरची लोखंडी टाकी, तिचं ब्रॅकेट आणि आतला गॅस धरून सत्तर-ऐंशी किलो वजन डिकीत कायमचं बसलेलं असतं. म्हणजे एक मोठा माणूस रोज डिकीत घेऊन फिरल्यासारखंच.

आता गतिरोधकाकडे या, कारण खरी गंमत तिथे आहे. इंडियन रोड्स काँग्रेसच्या मानकाप्रमाणे गतिरोधक 10 सेंमी उंच आणि गाडी जाते त्या दिशेने 3.7 मीटर रुंद, 17 मीटर त्रिज्येच्या गोलाईत हवा. छोट्या गाडीच्या पुढच्या-मागच्या चाकांमधलं अंतर साधारण 2.4 मीटर असतं. म्हणजे गतिरोधक पोटाखाली आला तेव्हा दोन्ही चाकं अजून त्याच्या उतारावरच असतात. हिशोब केला तर गतिरोधकाचा माथा चाकांच्या रेषेपेक्षा जेमतेम 42 मिमी वर येतो. मापात घातलेल्या गतिरोधकावर तुमची कुठलीही हॅचबॅक भरल्या पोटी सहज निघून जाते.

गल्लीतला, वस्तीतला गतिरोधक असा नसतो. एका रात्रीत खडी-सिमेंट ओतून केलेला, एक मीटर रुंद आणि 18-20 सेंमी उंच. इथे पुढची चाकं उतरून सपाटीवर येतात, मागची अजून चढायची असतात, आणि मधल्या ढिगाऱ्याची पूर्ण उंची पोटाखाली उभी राहते. 20 सेंमीच्या ढिगाऱ्यावर 165 मिमीची गाडी रिकामीसुद्धा टेकणार. त्यात गाडीचा दोष नाही आणि तुमच्या चालवण्याचाही नाही. आमच्या भागातला असा एक गतिरोधक आम्ही दहा-बारा जणांनी लेखी अर्ज देऊन उतरता करून घेतला. अशा ठिकाणी स्प्रिंगवर खर्च करण्यापेक्षा तो अर्ज स्वस्त पडतो. तुमच्याकडेही रोज घासणारा एकच गतिरोधक असेल तर आधी हे करून बघा.

नेमकं काय घासतं ते शोधा

गाडी घासते, एवढं सांगून मिस्त्रीला काही कळत नाही. कुठे घासते ते तुम्हाला माहीत पाहिजे. रॅम्प किंवा पिट असलेल्या गॅरेजात गाडी वर घ्या आणि स्वतः खाली जाऊन बघा. जॅकवर उचललेल्या गाडीखाली मात्र कधीही शिरू नका, जॅक सरकतो.

खाली चार जागा बघायच्या. पुढच्या बंपरखालची प्लास्टिकची पट्टी, इंजिनचं ऑइल चेंबर (तळाशी तेल साठतं तो भाग) आणि त्याच्या बाजूचे लोअर आर्म, म्हणजे चाकाला गाडीशी जोडणारे दांडे, मधून जाणारा सायलेन्सरचा पाइप आणि त्याचे जोड, आणि मागे सायलेन्सरचा डबा. घासल्याची खूण चकचकीत असेल तर ती ताजी, गंजलेली असेल तर जुनी. सेकंडहँड गाडी घेतलेल्यांनी ही पाहणी घेण्याआधीच करावी. आधीच्या मालकाने चेंबर दगडावर आपटलं असेल तर ते तिथे लिहिलेलंच असतं.

फक्त पुढची प्लास्टिकची पट्टी घासत असेल तर फार जिवाला लावून घेऊ नका. ती लवचीक असते, हवेचा प्रवाह वळवायला दिलेली असते, आणि थोडं घासून तिचं काही बिघडत नाही. पण ती कापून टाकू नका. काही गाड्यांत ती रेडिएटरकडे हवा पोचवते, आणि गगनबावड्याचा घाट चढताना गाडी गरम होण्याचं कारण तिथे मिळतं. पाइप घासत असेल तर तो लवकर हाताळा. चेंबर घासत असेल तर त्याच दिवशी.

घरी मोजायची पद्धत

सपाट फरशी हवी. अंगण उताराचं असेल तर पेट्रोल पंपावरची हवा भरायची जागा बरी. आधी चारही टायरमध्ये हवा बरोबर भरा. किती ते ड्रायव्हरच्या दाराच्या खांबावरच्या स्टिकरवर असतं, आणि तिथे बहुतेक वेळा दोन आकडे असतात, थोड्या माणसांसाठी एक आणि भरलेल्या गाडीसाठी एक. दुसरा आकडा फार कमी लोक वाचतात. पाच जण निघणार असाल तर तोच भरा. हवा कमी असलेलं टायर दबतं आणि काही मिलिमीटर तिथेच जातात. पण उंची मिळावी म्हणून स्टिकरपेक्षा जास्त हवा भरू नका, पावसात ब्रेक लागायला वेळ लागेल.

मग चारही चाकांजवळ एकेक माप घ्या: चाकाच्या मधल्या बिंदूपासून सरळ वर फेंडरच्या, म्हणजे चाकावरच्या पत्र्याच्या, कडेपर्यंत. हे माप जमिनीपासून घेऊ नका, नाहीतर टायरची झीज आणि हवा त्यात मिसळते. चाकाच्या मध्यापासून घेतलेलं माप फक्त स्प्रिंगची तब्येत सांगतं. आधी गाडी रिकामी असताना घ्या, मग घरच्यांना बसवून. आई-बाबांना पाच मिनिटं गाडीत बसायला सांगा, कुणी नाही म्हणत नाही. वहीत लिहून ठेवा. डावी-उजवी बाजू 10 मिमीपेक्षा जास्त वेगळी आली तर खालच्या बाजूची स्प्रिंग बसली आहे किंवा तिचा तळाचा वेटोळा तुटला आहे असं समजा. असा तुटलेला वेटोळा वरून दिसत नाही, पण खड्ड्यात खट्ट असा आवाज देतो.

शेवटी पोटाखालचं माप. त्यासाठी टेप आडवी-तिडवी घालण्यापेक्षा लाकडाची एक फळी कापून घ्या आणि तिच्यावर पातळ पट्ट्या ठेवत जा. पाइपला टेकली की थांबा, बाहेर काढून मोजा. मिस्त्रीकडे जाताना हे आकडे न्या. "मागून रिकामी 372, भरून 327" असं सांगणाऱ्या गिऱ्हाईकाशी मिस्त्री वेगळं बोलतो, हे मी अनुभवलंय.

बिनपैशाच्या दोन गोष्टी

गतिरोधकावर चढताना ब्रेक दाबलेला असेल तर गाडीचं नाक खाली जातं आणि नेमक्या नको त्या वेळी उंची कमी होते. म्हणून ब्रेक गतिरोधकाच्या अलीकडे, आणि चाक चढायच्या क्षणी पाय ब्रेकवरून सुटलेला, गाडी पहिल्या गिअरमध्ये हळूच चालत जाणारी. नव्या माणसाला हे जमायला आठवडाभर लागतो. अरुंद उंच गतिरोधकावर जागा असेल तर तिरकं जा, म्हणजे एका वेळी एकच चाक चढेल आणि पोटाखाली माथा सरळ येणार नाही. समोरून येणारं बघूनच.

दुसरी गोष्ट डिकीची. उघडून बघा. पाण्याचे कॅन, दिवाळीपासून राहिलेली सतरंजी, जुनी बॅटरी. माझ्या डिकीतून 22 किलो निघाले होते. आणि एवढं करूनही एखाद्या खराब जागी मागच्यांना दोन मिनिटं उतरायला सांगण्यात कसलाही कमीपणा नाही.

हरवलेली उंची परत मिळवणं

आता गॅरेजचं काम. या क्रमाने तपासून घ्या.

सायलेन्सरची रबरं पहिली. स्वस्त असतात, अर्ध्या तासात बदलतात. एक तुटलेलं असेल तर सगळी बदला, कारण उरलेल्यांवर इतके दिवस ताण आलेला असतो. त्याच वेळी इंजिन माउंटिंग, म्हणजे इंजिन ज्यावर टेकतं ते रबरी आधार, हलवून बघायला सांगा. माउंटिंग बसलं की इंजिन आणि चेंबर खाली येतं.

मग स्प्रिंग. पाच-सात वर्षं भरपूर ओझं वाहिलेल्या गाडीच्या मागच्या स्प्रिंगा बसतात. त्याच मॉडेलच्या चांगल्या गाडीचं माप आणि तुमचं माप शेजारी ठेवा, म्हणून तर वहीत लिहायला सांगितलं. फरक 15-20 मिमी असेल तर कंपनीच्याच नव्या स्प्रिंगा, दोन्ही बाजूंना एकत्र. माझ्या मते छोट्या गाडीवर करण्यासारखा सगळ्यात समाधानाचा खर्च हाच आहे. गाडी जशी कारखान्यातून निघाली तशी होते, कुणाची परवानगी नको, कसली भीती नको.

शॉकअपबद्दल एक मोठा गैरसमज आहे. शॉकअप बदलला की गाडी उचलली जाते असं लोक समजतात. उभ्या गाडीचं वजन स्प्रिंग पेलते, शॉकअप तिची उसळी आवरतो. म्हणून शॉकअप बदलून मापात काही फरक दिसणार नाही. पण मेलेला शॉकअप असेल तर गाडी खड्ड्यातून निघताना एकदा ऐवजी तीनदा खाली-वर होते, आणि दुसऱ्या झोक्याला टेकते. उभी असताना न घासणारी गाडी चालताना घासत असेल तर शॉकअप आणि बंप स्टॉपचं रबर (चाक जास्त वर आलं की ज्यावर टेकतं ते) बघा. शॉकअपवर तेलाचा ओलावा दिसला की तो गेला.

टायर

टायरने मिळणारी उंची खरी असते, कारण चेंबरपासून लोअर आर्मपर्यंत सगळंच वर जातं. पण ती लोकांना वाटते तेवढी नसते. उदाहरण घ्या. 145/80 आर13 टायरची (रुंदी 145 मिमी, बाजू तिच्या 80 टक्के, रिम 13 इंची) बाजू 116 मिमी उंच, पूर्ण व्यास 562 मिमी. 155/80 आर13 ची बाजू 124, व्यास 578. व्यासात 16 मिमीचा फरक, पण जमिनीपासूनची उंची त्याच्या निम्मी, म्हणजे 8 मिमी वाढते. बदल्यात मीटर 100 दाखवताना गाडी जवळजवळ 103 ने धावते, पिकअप किंचित मंदावतो, स्टेअरिंग पूर्ण वळवल्यावर टायर आतल्या प्लास्टिकला लागत नाही ना हे बघावं लागतं. व्यासातला फरक 3 टक्क्यांच्या आत ठेवा. त्याच मॉडेलच्या वरच्या व्हेरियंटला कंपनीने मोठा साइज दिला असेल तर तोच सगळ्यात बरा. आणि टायर झिजलेच असतील तेव्हा हा विचार करा. चांगले टायर 8 मिमीसाठी फेकू नका.

मोठे अलॉय रिम आणि पातळ टायर हा मात्र उलटा सौदा आहे. दिसायला गाडी भारी दिसते, पण बाहेरचा व्यास तेवढाच राहतो, उंची वाढत नाही, आणि रिम खड्ड्यात वाकतं.

रबर बफर आणि स्पेसर

एवढं सगळं करून भरलेली गाडी मागून घासतेच, अशांसाठी स्प्रिंगच्या दोन वेटोळ्यांमध्ये बसणारे रबराचे किंवा युरेथेनचे बफर मिळतात. ते स्प्रिंग कडक करतात. रिकाम्या गाडीत थोडी उंची वाढते, भरलेल्या गाडीत फरक जास्त जाणवतो. साइज घेताना गाडी जमिनीवर उभी असताना मधल्या वेटोळ्यांमधली फट मोजा आणि त्या मापाचाच घ्या. मोठा ठोकून बसवला तर शेजारच्या वेटोळ्यावर ताण येतो आणि स्प्रिंग तिथे तुटू शकते. बसवताना साबणाचं पाणी लावतात, मग प्लास्टिकच्या पट्टीने बांधतात. मागच्या दोन्ही बाजूंना एकाच साइजचे. पुढे बसवू नका असंच मी सांगेन. स्टेअरिंग जड वाटतं आणि एकटे गाडी चालवताना दणके मणक्याला लागतात. मागेसुद्धा रिकामी गाडी थोडी उडते, हे मान्य करूनच बसवा.

स्पेसर म्हणजे स्प्रिंगच्या टोकाशी किंवा पुढच्या स्ट्रटच्या (स्प्रिंग आणि शॉकअप एकत्र असलेल्या खांबाच्या) डोक्यावर बसवायची जाड चकती. हे गाडी खरोखर उचलतं, आणि म्हणूनच जपून. पुढून गाडी उचलली की चाक फिरवणाऱ्या ड्राइव्ह शाफ्टचा कोन बदलतो, त्यावरचं रबरी बूट लवकर फाटतं, लोअर आर्मच्या टोकाच्या बॉल जॉइंटवर ताण येतो, चाकं आतबाहेर झुकतात. 15-20 मिमीच्या पुढे जाऊ नका. नंतर व्हील अलाइनमेंट करून घ्यायचीच. ब्रेकचे होस (रबरी नळ्या) चाक पूर्ण खाली लोंबलेलं असताना ताणले जात नाहीत ना, ते स्वतः बघा. फक्त मागून उचललं तर हेडलाइटचा झोत जवळ पडतो, तोही लावून घ्या. कायद्याचीही बाजू आहे: मोटार वाहन कायदा 1988 च्या कलम 52 प्रमाणे नोंदणी प्रमाणपत्रातली माहिती कंपनीच्या मूळ मापदंडापेक्षा वेगळी होईल असा बदल गाडीत करता येत नाही. गाडी वॉरंटीत असेल तर सर्व्हिस सेंटरला आणि विमा कंपनीला आधी लेखी विचारा.

स्प्रिंग तापवून ताणून देतो, असं कुणी म्हणालं तर तिथून गाडी काढा. तापवलेल्या पोलादाचं पाणी उतरतं. ती स्प्रिंग पुन्हा बसते, नाहीतर तुटते.

खालचं कवच

राधानगरी तालुक्यात सासुरवाडीच्या पाणंदीवर ट्रॅक्टरच्या दोन चाकोऱ्यांमधला उंचवटा मला ओळखू आला नाही. त्यात जांभ्याचा एक दगड होता. ठक्क असा एकच आवाज. शंभर फुटांवर डॅशबोर्डवर तेलाच्या किटलीचा लाल दिवा लागला आणि मी तिथेच चावी फिरवली. खाली वाकून बघितलं तर तेलाची धार, चेंबर चिरलेलं. गाडी ओढत न्यावी लागली, पण इंजिन वाचलं. तो दिवा लागल्यावर "घरापर्यंत जाऊया" म्हणून पुढे नेली असती तर इंजिन जाम झालं असतं. हे नव्या माणसाने घोकून ठेवावं: लाल किटली दिसली की इंजिन बंद, त्याच जागी.

त्यानंतर मी चेंबरखाली लोखंडी गार्ड बसवला. त्याने उंची वाढत नाही, उलट एक-दोन सेंमी कमी होते. पण घासलं तर ते गार्डला लागतं. घेताना बघा की तेल बदलायच्या बोल्टसमोर भोक आहे, हवा खेळायला फटी आहेत, आणि तो चासिसच्या मूळ भोकांना बोल्टने बसतो. वेल्डिंग नको. उसाच्या हंगामात बैलगाड्या आणि ट्रॉल्यांनी उकरलेल्या रस्त्यांवर जाणाऱ्यांना गार्ड हवाच. चाकोरीत चाकं घालू नका. एक चाक मधल्या उंचवट्यावर आणि दुसरं कडेला ठेवून चला, म्हणजे पोट आपोआप वर राहतं.

आणि उंची वाढवली म्हणून पुराच्या पाण्यात गाडी घालू नका. राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगेची इशारा पातळी 39 फूट, धोका पातळी 43. नदी तिथवर येते तेव्हा गगनबावडा रस्त्यावर मांडुकलीसारख्या ठिकाणी पाणी असतंच. इंजिन हवा कुठून ओढतं ते बॉनेट उघडून बघा. त्या नळीत पाणी गेलं की इंजिनातले कनेक्टिंग रॉड, म्हणजे पिस्टनचे दांडे, वाकू शकतात. वाढवलेले 20 मिमी तिथे काही कामाचे नाहीत.

काम करून घेतल्यावर 500 किमीला परत जा. गार्डचे बोल्ट, बफरच्या पट्ट्या, शाफ्टचे बूट बघून घ्या आणि वहीतली मापं पुन्हा घ्या. आणि रानातून आल्यावर एकदा खाली वाकून बघा. वाळलेलं पाचट गार्ड आणि पाइपच्या मध्ये अडकतं, गरम पाइपवर ते पेटू शकतं. गाडी पाचटावर उभी करू नका, आणि अडकलेलं असेल तर पाइप थंड झाल्यावर हाताने ओढून काढा.